धाडची उलटी सनई

निवृत्ती गुरव धाडमध्ये एकोणीस वर्षं सनई वाजवत होता आणि ती अजून एकानंही ऐकली नव्हती. यात कुणाची निंदा नाही. सनईशिवाय गावाचं पान हलत नसे. पण एक सूर निघाला की नवरदेव घोड्यावरून उतरे, दुसरा निघाला की विहीण पाय धुवून घ्यायला पुढं सरके, आणि तिसरा निघाला की चारशे माणसं पंगतीकडं पळत. ज्याला त्याला आपापलं काम आठवे. सूर कसा होता, हे विचारायला कुणाला सवड होती?

एका वैशाखात त्यानं एक लांब सूर असा काही धरला, की त्याचे स्वतःचेच डोळे भरून आले. त्यानं मोठ्या आशेनं मान वर केली. समोर वांग्याच्या भाजीची बादली घेतलेला वाढपी उभा होता. तो म्हणाला, "अबे, सरक ना तिकडं, भाजी थंडी होऊन राह्यली."

घरीही तीच गत. तो रियाजाला बसला की त्याची बायको सत्यभामाबाई नेमकी भांडी घासायला घेई. एकदा त्यानं धीर करून विचारलं, "कसं वाटलं?"

"काय?" ती म्हणाली.

पुन्हा त्यानं विचारलं नाही. पण एकदा, फक्त एकदा, कुणीतरी हातातलं काम सोडून आपली सनई ऐकावी, ही इच्छा त्याच्या मनातून जाईना.

असं असताना सन सत्तावीस साली उकंडरावांनी सिनेमा काढला.

उकंडराव म्हणजे धाडचे बडे जमीनदार. जमीन काळी, कपाशी पांढरी आणि धनी रिकामा. विलायतेला परत चाललेल्या एका इंजिनियर साहेबाकडून त्यांनी चित्रं घेण्याचं आणि दाखवण्याचं यंत्र मिळवलं आणि मुंबईच्या कुठल्या कंपनीला न पुसता, गावातल्या गावात चित्र काढायला घेतलं. चित्राचं नाव त्यांनी सात वेळा बदललं, तेव्हा ते इथं सांगून उपयोग नाही. गोष्ट साधी होती: एक राजा एका राजकन्येशी जबरदस्तीनं लग्न करतो आणि पुढं पस्तावतो. राजा खुद्द उकंडराव. राजकन्येसाठी मात्र गावातली एकही बाई यंत्रासमोर उभी राहीना; तेव्हा शाळेतल्या शालिग्राम मास्तराला धरलं. मास्तर सडपातळ, नाकेला, आणि उकंडरावांना नाही म्हणण्याची त्याची छाती नव्हती. उकंडरावांची बायको रुखमाबाई हिची पैठणी तिला न विचारता पेटीतून काढली आणि मास्तराला नेसवली. तिथंच खरं तर पहिली चूक झाली, पण पुरुषांना चुका उशिरा दिसतात.

चित्र मलकापूरहून रेल्वेनं मुंबईला गेलं, धुवून परत आलं, आणि उकंडरावांनी निवृत्तीला बोलावून घेतलं.

"हे चित्र मुकं आहे, निवृत्ती. बोलत नाही. तुले त्याच्या मागं सनई वाजवायची आहे. पण वाजंत्री नको, गाणं नको."

"मग काय वाजवू, मालक?"

"राजकन्या दुपारची एकटी बसली आहे ना, तिथं पाहणाऱ्याले घाम फुटला पायजे. राजा येऊन राह्यला, तवा पोटात गोळा आला पायजे. लोकायनं तिथं बसून ऐकलं पायजे, समजलं?"

समजलं म्हणजे काय? निवृत्तीला रडूच यायचं बाकी होतं. लोक बसतील, वर ऐकतील! तीन महिने त्यानं दुसरा विचार केला नाही. चैत्रातली दुपार बांधायची म्हणून तो दुपारी बारा वाजता गावकुसाबाहेर जाऊन बसे आणि ऊन ऐके. रिकाम्या गल्लीचा सूर त्यानं बांधला. दाराआड कुणी उभं असल्याचा बांधला. लग्नाच्या प्रसंगासाठी तर त्यानं मुद्दाम लग्नाची चाल टाकून दिली आणि खालच्या सुरात, मनाविरुद्ध उभ्या राहिलेल्या मुलीची भीती बांधली. ती वाजवताना त्याच्या स्वतःच्याच तळव्यांना घाम सुटे. सत्यभामाबाईनं त्या तीन महिन्यांत घरातली पितळी भांडी आरशासारखी केली.

खेळ ठरला तो बाजाराच्या दिवशी, भर दुपारी. कापसाचा हंगाम सरला होता, जिनिंगची पत्र्याची शेड रिकामी होती. खिडक्यांना पोती ठोकली की आत अंधार. चित्राच्या यंत्राचा दांडा फिरवायला शकूर पिंजारी. जन्मभर कापूस पिंजून त्याचा हात असा बसला होता, की घड्याळानं त्याच्यावरून वेळ लावून घ्यावी. बाजार करून लोक थेट आत आले. कुणाच्या ओच्यात ज्वारी, कुणाच्या धोतराच्या सोग्यात ज्वारी, कुणाच्या मांडीवर पायलीची पिशवी. पुढं खुर्च्यांवर उकंडराव आणि शालिग्राम मास्तर, बरोबर पडद्याखाली. मास्तराचे होणारे सासरे किसनराव खास देऊळगाव राजाहून आले होते. महिन्याभरात त्यांच्या मुलीशी मास्तराचं लग्न व्हायचं होतं. जावई राजकन्येच्या वेषात कसा दिसतो हे पाहायची हौस सासऱ्याला असावी, याला काय म्हणावं? पण होती.

शकूरनं दांडा फिरवला. पडद्यावर दुपार उगवली. निवृत्तीनं सनई तोंडाला लावली.

आणि खरंच, बाया पदरानं गळा पुसू लागल्या. एक म्हातारा मान डोलवायच्या बेतात आला. राजा आला, लोकांनी श्वास धरला. मग लग्नाचा प्रसंग आला. पडद्यावर राजा आणि राजकन्या यांच्यामध्ये अंतरपाट धरला गेला.

प्रेक्षकांत गावचे भटजी बसले होते. अंतरपाट दिसला की त्यांचं तोंड आपोआप उघडतं, त्याला ते तरी काय करणार? त्यांनी मंगलाष्टक सुरू केलं, ते खड्या आवाजात शेवटास नेलं आणि "सावधान" म्हणून थांबले. पडद्यावर अंतरपाट खाली आला.

निवृत्तीला भीतीचा सूर वाजवायचा होता. त्याच्या मनात तोच होता, ओठांवर तोच होता. पण बोटं एकोणीस वर्षं दुसरंच काम करत आली होती. "सावधान" ऐकताच ती आपली आपण लग्नाच्या चालीवर गेली.

पुढं काय व्हायचं ते झालं. चारशे माणसं उठली आणि चारशे मुठी ज्वारी पडद्यावर उडाली. वऱ्हाडात अक्षता ज्वारीच्याच असतात आणि त्या दिवशी ज्वारी प्रत्येकाच्या हाताशी होती. पडद्याला लागून ती खाली आली, ती सगळी उकंडराव आणि शालिग्राम मास्तर यांच्या डोक्यावर. मग लोक दाराकडं वळले आणि पंगत कुठं आहे ते विचारू लागले.

पहिल्यांदा शुद्धीवर आले ते किसनराव. हातात उरलेल्या ज्वारीकडं बघत ते म्हणाले, "भटजी, लग्न लागलं का हो हे?"

भटजींनी डोळे मिटले. अंतरपाट होता. मंत्र होते. वाजंत्री होती. अक्षता वधूवरांच्या अंगावर पडल्या होत्या. "शास्त्रात कुठं कमी दिसत नाही," ते म्हणाले.

"मग मी माही पोरगी कशी देऊ? मी सोता याच्यावर अक्षता टाकल्या," किसनराव म्हणाले आणि छकडा जुंपून देऊळगाव राजाला निघून गेले.

उकंडराव हसण्यावारी न्यायच्या तयारीत होते, पण दुसऱ्या दिवशी सकाळीच रुखमाबाई ओटीचं ताट घेऊन शालिग्राम मास्तराच्या दारात उभी राहिली. तिनं त्याला कुंकू लावलं, खणानारळाची ओटी भरली आणि म्हणाली, "चाल बाई. सवत झाली तं झाली. घरात दळण पडलं आहे."

"बाई, मी मास्तर आहे!"

"पैठणी नेसतानी नव्हता का?"

मास्तर तिच्या जात्यावर बसला. आठ दिवस तो पहाटे ज्वारी दळी आणि मग पिठाच्या मिशा घेऊन शाळेत जाई. उकंडरावांनी बायकोची समजूत घालायला घेतली, तर ती म्हणाली, "वर्षभर त्या खोक्यात डोळा घालून बसले तुम्ही, माह्याकडं एक डाव पाह्यलं नाही. आता एक सोडून दोन बायका आहेत, दोघीकडं पाहा." तिला राग होताच, पण तिचा आता थोडा जीवही रमू लागला होता. मास्तर दळताना ओव्या चांगल्या म्हणे.

पण सगळ्यात वाईट निवाडा निवृत्तीचा झाला. पंच बसले आणि म्हणाले, ही सनई भलत्यांची लग्नं लावते. सनई लाल फडक्यात बांधून भटजींच्या घरी आढ्याला टांगली. लग्नसराई तोंडावर होती. दुसऱ्या गावचे वाजंत्री बोलवायचं ठरलं. निवृत्ती घरात बसून राहिला. एवढ्या वर्षांत कुणी ऐकलं नाही हे दुःख होतंच, पण आता ऐकायला काही उरलंच नाही, हे त्याहून वाईट. त्याला जेवण जाईना. सत्यभामाबाई दोन्ही वेळा ताट वाढी आणि दोन्ही वेळा उचलून नेई.

शेवटी वाट काढली ती शकूर पिंजाऱ्यानं. तो पंचांपुढं उभा राहिला आणि म्हणाला, "एक अर्ज आहे. यंत्राचा दांडा उलटाही फिरते."

"मंग?"

"मी उलटा फिरवला तं राजा उलटा चालते, राजकन्या मागच्या पायानं घरात जाते, अंतरपाट खालून वर येते. जे लागलं ते निघून जाईन ना?"

पंचांनी भटजींकडं पाहिलं. भटजींना लग्न मोडण्याचा मंत्र ठाऊक नव्हता. धाडमध्ये काडीमोड काडी मोडून करत, सिनेमानं करत नव्हते. पण जे सिनेमानं जोडलं ते सिनेमानंच सोडवावं, यात त्यांना खोट दिसेना. फक्त एक अट त्यांनी घातली. "सगळं उलट झालं पाहिजे. मी 'सावधान मंगल शुभ' म्हणेन. पण सनईही उलटी वाजली पाहिजे. शेवटच्या सुरापासून पहिल्यापर्यंत. एक सूर चुकला तर गाठ अर्धी राहील."

लाल फडकं सोडून सनई आठ दिवसांच्या बोलीनं निवृत्तीच्या हातात आली.

उलटी चाल बांधणं म्हणजे सोपं काम नव्हे. चाल तोंडपाठ असली तरी ती शेपटीकडून धरायला गेलं की निसटते. आपलंच नाव उलटं म्हणून पाहा म्हणजे कळेल. निवृत्ती दारात बसून एकेक सूर मागून पुढं आणू लागला. पहिले तीन दिवस नुसता गोंगाट. चौथ्या दिवशी दोन सूर जुळले. पाचव्या दिवशी त्याच्या ध्यानात आलं, की ही चाल लग्नाची राहिली नाही. मयतीचीही नव्हती, पालखीचीही नव्हती, देवाला उठवायचीही नव्हती. जगात तिला कसलंच काम नव्हतं. ती वर चढायच्या ऐवजी हळूहळू खाली येई आणि जिथं संपेल असं वाटे तिथं सुरू होई. निवृत्तीनं ती पुन्हा पुन्हा वाजवून पाहिली. आत सत्यभामाबाईची भांडी वाजत होती, पण त्या दिवशी ती जरा कमी वाजली असावीत. त्याचं लक्ष नव्हतं.

दुसऱ्या खेळाला पहिल्यापेक्षा दुप्पट माणूस लोटलं. लग्न लागताना सगळ्यांनीच पाहिलं होतं. सुटताना कोण घरी बसेल? नवरे आले, बायका आल्या, म्हातारी गोजरबाई आपल्या म्हाताऱ्याला हाताला धरून घेऊन आली. किसनरावांना छकडा पाठवून आणलं. रुखमाबाई शालिग्राम मास्तराला घेऊन पुढं बसली. खाली पडलेली ज्वारी केव्हाच कोंबड्यांनी खाल्ली होती, म्हणून भटजींनी सांगितलं, की प्रत्येकानं नुसता पदर नाहीतर सोगा पसरून बसावं म्हणजे अक्षता परत घेतल्यासारखं होईल. लोक पदर पसरून बसले.

शकूरनं दांडा उलटा धरला.

पडद्यावर राजा आणि राजकन्या शेजारी उभे होते. त्यांच्या डोक्यावरचे दाणे उठले आणि चित्रातल्या लोकांच्या मुठींत जाऊन बसले. भटजी आपलं उलटं मंगल म्हणून गप्प झाले आणि निवृत्तीनं सनई वाजवायला घेतली.

अंतरपाट जमिनीवरून उठला. कुणी उठलं नाही. कुणाला उठायचं ठाऊकच नव्हतं. ही चाल ऐकून काय करायचं असतं, ते त्यांच्या बापजाद्यांनी त्यांना शिकवलं नव्हतं. हात पसरलेल्या पदरात तसेच राहिले. सात-आठशे माणसं होती, पण तान्ही पोरंसुद्धा रडायची थांबली होती. निवृत्तीनं डोळे किलकिले करून पाहिलं. ते ऐकत होते. सगळे ऐकत होते! त्याला वाटलं, आता मरण आलं तरी चालेल, फक्त ही फुंक संपेपर्यंत थांबावं.

शकूरही ऐकत होता. पन्नास वर्षांत न चुकलेला त्याचा हात मंद झाला. पडद्यावर राजकन्येचं मागं पडणारं पाऊल जड झालं, मग अधांतरी राहिलं. दांडा थांबला. यंत्रातला दिवा चित्राच्या पट्टीवर एका जागी पडून राहिला. राजाच्या छातीवर तपकिरी डाग उमटला, तो वाढला, राजा गेला, राजकन्या गेली आणि पडदा पांढरा झाला. शकूरला कळलं ते दाढीला आच लागल्यावर. त्यानं मुकाट्यानं पेटती पट्टी पत्र्यावर ओढली आणि तिच्यावर वाळूची बादली उपडी केली. उकंडरावांचं वर्षभराचं चित्र जळून गेलं. उकंडरावांनी वळूनही पाहिलं नाही. ते पांढऱ्या पडद्याकडं बघत राहिले. निवृत्ती पहिल्या सुरापर्यंत आला आणि थांबला.

मग किसनरावांनी नाक पुसलं आणि म्हणाले, "सुटलं." त्यांनी शालिग्राम मास्तराला जवळ घेतलं. रुखमाबाईनं पैठणीची घडी मांडीवर घेतली आणि नवऱ्याला म्हणाली, "चला घरी." लोक पंगतीचं न विचारता बाहेर पडले.

निवृत्ती त्या दिवशी जेवला. दोनदा वाढून घेतलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी गोजरबाई पंचांकडं आली. तिचा म्हातारा मागं काठी टेकत उभा होता. ती म्हणाली, "त्या सनईनं मास्तराचं लग्न सुटलं ना?"

"हाव. सुटलं."

"मंग आम्ही दोघंही तठीच बसेल होतो. पदर पसरून. आमचं काऊन नाही सुटलं?"

पंच एकमेकांची तोंडं पाहू लागले. त्यांच्याही बायका तिथं होत्या. भटजींनी पुन्हा डोळे मिटले आणि निवाडा दिला. सनई काही नावं विचारून वाजली नव्हती. जो जो आपल्या जोडीदारासह तिथं बसला होता, त्याचं त्याचं सुटलं. धाडमध्ये त्या सकाळी एकशे चौतीस जोडपी बिनलग्नाची झाली. अक्षतांची ज्वारी काढायला पेवं उघडावी लागली.

मारुतीच्या पारावर एकच अंतरपाट बांधला आणि रांग लावली. सत्तरीच्या म्हाताऱ्या मुंडावळ्या बांधून उभ्या राहिल्या. काही नवऱ्यांनी रांगेतून सटकायचा प्रयत्न केला, काही बायकांनीही. रुखमाबाईनं उकंडरावांना तीन वेळा रांगेच्या शेवटी पाठवलं आणि चौथ्या वेळी हो म्हटलं. आणि या सगळ्यांची लग्नं लावायला सनई हवीच होती. निवृत्तीनं सकाळपासून लग्नाची सुलटी चाल एकशे तेहतीस वेळा वाजवली. लोकांनी अक्षता टाकल्या आणि बुंदी खाल्ली. ऐकलं कुणीच नाही. शेवटी पंचांनी ठराव केला, की उलटी चाल धाडच्या शिवारात यापुढं कधी वाजवायची नाही. कोणाचा संसार कधी मोडेल सांगता येत नाही.

निवृत्ती दिवे लागायच्या वेळी घरी आला. ओठ सुजले होते. एकदा ऐकलं, आता पुन्हा नाही, हे त्यानं मनाशी कबूल करून टाकलं होतं. सत्यभामाबाई अंगणात भांडी घेऊन बसली होती.

"आपलं राह्यलं," ती म्हणाली.

"काय?"

"लग्न. मीही तठीच होती काल, मांगं. एकशे चौतीसावी जोडी आपली होती."

खरंच की! तो दमून खाली बसला. "मी नवरदेव झालो तं वाजवीन कोण?"

"तेच म्हणते मी." तिनं हातातली कढई खाली ठेवली, हात धुतले, पदराला पुसले आणि त्याच्यासमोर मांडी घालून बसली. "वाजवा."

"काय वाजवू?"

"कालचं."

"येडी का तू? ठराव झाला आहे. तिच्यानं लग्न सुटते."

"ज्यायचं लागलं आहे त्यायचं सुटते," सत्यभामाबाई म्हणाली. "आपलं सकाळपासून सुटेलच आहे. आता आणखी काय सुटणार?"

निवृत्तीनं सनई घेतली. दोघं आत आली; त्यानं दार लावून घेतलं, खिडकीला घोंगडी बांधली आणि वाजवलं. ती ऐकत राहिली. संपल्यावर तिनं सांगितलं की मधला एक सूर काल जास्त लांब होता, तो तसाच ठेवा. त्यानं तो सूर लांबवून पुन्हा वाजवला.

पुढं भटजींनी बरेचदा मुहूर्त सुचवला, पण या दोघांना वेळच मिळाला नाही. गावाच्या लेखी ती दोघं त्यानंतर सव्वीस वर्षं बिनलग्नाची राहिली, आणि रोज संध्याकाळी त्यांच्या घरी थोडा वेळ भांडी वाजत नसत.